गोजिरा नावाचा राक्षस आणि एक नोकरदार दिग्दर्शक

(बोरीवली येथे झालेल्या व्याख्यानाचे संपादित शब्दांकन)

समोर बरीच ओळखीची मंडळी दिसतायत, आणि पहिल्या दोन रांगांत शाळकरी मुलंही आहेत, म्हणून आनंद वाटतो. मुलं बहुधा राक्षसाच्या आशेनं आली असतील. त्यांना निराश करणार नाही.

आधी आम्ही कोण ते सांगतो. आम्ही सहा-सात जण. कुणी बँकेतून निवृत्त झालेलं, कुणी शाळेत शिकवणारं, दोघं अजून रोज चर्चगेटला जाणारे. महिन्यातून एकदा कुणाच्या तरी घरी जमतो, एक सिनेमा बघतो आणि त्यावर भांडतो. गेलं वर्षभर आम्ही एकाच माणसाचे सिनेमे बघतोय. त्यांचं नाव इशिरो होंडा. आज इथं एकटा माणूस बोलत असला तरी मतं सगळ्यांची आहेत. जिथं आमचं एकमत झालं नाही, तिथं तसं सांगू.

होंडांनी १९५४ साली जो राक्षस पडद्यावर आणला, त्याला आपण इंग्रजीवरून गॉडझिला म्हणतो. जपानी नाव ‘गोजिरा’. गोरिला आणि कुजिरा, म्हणजे देवमासा, या दोन शब्दांचा जोड. आता मराठी माणसानं ‘गोजिरा’ ऐकलं की त्याच्या डोळ्यांपुढं पाळण्यातलं बाळ येतं. (हशा) आमच्यातल्या एकीच्या सासूबाईंनी विचारलंसुद्धा, एवढा गोजिरा आहे तर गाव का जाळतोय? हसण्यावारी नेलेला तो प्रश्न पुढं वर्षभर आमच्या डोक्यात राहिला. कारण होंडांच्या सगळ्या कारकिर्दीत तोच प्रश्न आहे. हा प्राणी वाईट नाही, मग तो गाव का जाळतो?

दुसरा प्रश्न आमचा स्वतःचा. होंडा आयुष्यभर एका कंपनीत नोकरी करत होते. तोहो ही ती कंपनी. वरून विषय यायचा, तारीख यायची, पैसा किती ते ठरून यायचं, आणि हे सिनेमा करून द्यायचे. अशा माणसाला कलावंत म्हणायचं का? इथं बसलेल्यांपैकी बहुतेकांनी तीस-पस्तीस वर्षं कुणाच्या तरी सहीखाली काम केलंय. त्यामुळं हा प्रश्न जपानपुरता नाही.

होंडांचा जन्म १९११चा, यामागाता प्रांतातल्या डोंगराळ गावातला. वडील बौद्ध मंदिराचे पुजारी. पाच भावंडांत हे धाकटे. मूल दहा वर्षांचं असताना कुटुंब तोक्योला आलं आणि तिथं त्याला सिनेमाचं वेड लागलं. निहोन विद्यापीठात सिनेमाचं शिक्षण घेतलं आणि १९३३ साली पी.सी.एल. नावाच्या स्टुडिओत उमेदवारी धरली. याच स्टुडिओची पुढं तोहो झाली. तिथले गुरू काजिरो यामामोतो. त्यांच्या हाताखाली तीन मित्र तयार झाले. सेन्किची तानिगुची, होंडा आणि अकिरा कुरोसावा. होय, तेच कुरोसावा, ‘राशोमोन’वाले.

इथून दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या, त्या गुणांमुळं नव्हे. होंडांना सैन्याचं बोलावणं आलं. एकदा नाही, तीनदा. घरी यायचे, स्टुडिओत रुजू व्हायचे, की पुन्हा हुकूम. मांचुरिया आणि चीनमध्ये त्यांची सहा-सात वर्षं गेली. कुरोसावांना युद्धावर जावं लागलं नाही, ते १९४३ साली दिग्दर्शक झाले. होंडा युद्ध संपताना चीनमध्ये कैदेत होते. १९४६च्या मार्चमध्ये परतले तेव्हा वय चौतीस. परतताना वाटेत हिरोशिमा लागलं. ते ओसाड शहर त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी बघितलं.

घरी येऊन काय केलं? पुन्हा सहायकाच्या खुर्चीत बसले. १९४९ साली कुरोसावांच्या ‘स्ट्रे डॉग’साठी तोक्योच्या काळ्या बाजारात कॅमेरा घेऊन हिंडले. त्यातली गर्दी, घाम, भुकेले चेहरे यांतला बराच भाग होंडांनी टिपलेला आहे. ज्याच्याबरोबर उमेदवारी केली, त्याच्याच हाताखाली काम करायचं. आपल्याकडं ऑफिसात अशी वेळ आली की माणसं बदली मागतात. होंडांनी मागितली नाही. स्वतःचा पहिला कथापट ‘निळा मोती’ त्यांना १९५१ साली मिळाला, चाळिसाव्या वर्षी. समुद्रात बुडी मारून मोती काढणाऱ्या बायकांची ती गोष्ट. पाण्याखालचं चित्रण त्यांनी आधी एका माहितीपटात करून बघितलं होतं.

आता १९५४. त्या वर्षी १ मार्चला अमेरिकेनं प्रशांत महासागरात बिकिनी बेटावर हायड्रोजन बॉम्बची चाचणी केली. ‘लकी ड्रॅगन’ नावाची जपानी मासेमारी नौका धोक्याच्या हद्दीबाहेर होती, तरी तिच्यावर राख पडली. तेवीस खलाशी आजारी झाले. बाजारातल्या मासळीचीच लोकांना भीती वाटायला लागली. सप्टेंबरात त्यातल्या एका खलाशाचा मृत्यू झाला. त्या वेळी होंडांच्या सिनेमाचं काम चालू होतं.

निर्माते तोमोयुकी तानाका यांचा इंडोनेशियात करायचा एक सिनेमा ऐनवेळी रद्द झाला होता. रिकामी झालेली तारीख भरायला काहीतरी हवं होतं. त्यातून बॉम्बमुळं जागा झालेल्या समुद्री राक्षसाची कल्पना निघाली. म्हणजे बघा, जगभर गाजलेला हा राक्षस मुळात वेळापत्रकातली भोकं बुजवायला आला. होंडा पहिली पसंतीसुद्धा नव्हते.

ट्रिकची बाजू एइजी त्सुबुराया यांच्याकडं. त्यांचं स्वप्न ‘किंग काँग’सारखं, बाहुली एकेक चौकट हलवून चित्रण करायचं. त्याला वेळ नव्हता, पैसा नव्हता. म्हणून माणसाला रबरी कातडं घालून छोट्या शहरात चालवायचं ठरलं. हारुओ नाकाजिमा या नटानं ते जड धूड अंगावर वागवलं. कॅमेरा जादा वेगानं फिरवला, म्हणजे पडद्यावर चाल संथ आणि वजनदार दिसते. संगीत अकिरा इफुकुबे यांचं. डबल बासच्या तारांवरून चामड्याचा हातमोजा घासून आवाज काढला आणि तो पुढं कमीजास्त वेगानं वाजवला, ती राक्षसाची डरकाळी. मुलांनो, घरी करून बघायला हरकत नाही, पण शेजाऱ्यांना आधी सांगा. (हशा)

एक किस्सा सांगतात. होंडा आणि त्सुबुराया गिन्झा भागातल्या एका मोठ्या दुकानाच्या गच्चीवर उभे राहून, कुठून आग लावायची, कुठली इमारत आधी पाडायची, याची मोठ्यानं चर्चा करत होते. पहारेकऱ्याला संशय आला आणि त्यानं त्यांना अडवलं. हसू येतं खरं. पण नऊ वर्षांपूर्वी हेच शहर खरोखर जळालं होतं. गच्चीवर उभा असलेला एक जण सैनिक होता, आणि आग लागल्यावर माणसं कशी पळतात हे त्याला कल्पनेनं शोधावं लागत नव्हतं.

आता सिनेमाकडं. हा सिनेमा मोठा का, तर राक्षसामुळं नाही, असं आमचं म्हणणं आहे. तीन छोट्या दृश्यांमुळं.

पहिलं दृश्य लोकल गाडीतलं. ऑफिसला जाणारी माणसं वर्तमानपत्र वाचतायत, राक्षसाबद्दल बोलतायत. एक बाई वैतागून म्हणते की आधी ती मासळी, मग तो किरणोत्सर्गी पाऊस, आता हे. नागासाकीतून जीव वाचवून आले ते याचसाठी का, असा तिचा सूर. बाजूचा पुरुष विचारतो, आता पुन्हा कुठं आसरा शोधायचा? बस, एवढंच. मग पुढचं स्टेशन. आम्ही हे दृश्य बघितलं आणि सगळे गप्प झालो. आपण बोरीवलीकर. आपल्या गाडीत ११ जुलै २००६ला काय झालं ते आपल्याला माहीत आहे. दुसऱ्या दिवशी आपण त्याच गाडीत उभे होतो आणि असंच बोलत होतो, अर्धं वाक्य, मग खिडकीबाहेर बघणं. मोठ्या संकटाबद्दल सामान्य माणूस भाषण देत नाही, तो कटकट करतो. होंडांनी ती कटकट पकडली.

दुसरं दृश्य रस्त्याच्या कडेचं. सगळीकडं आग, आणि एक आई दोन मुलांना कुशीत घेऊन बसलीय. ती पळत नाही. आता लवकरच बाबांकडं जाऊ, असं मुलांना समजावतेय. बाबा युद्धात गेले, हे प्रेक्षकानं समजून घ्यायचं. तिसरं इस्पितळातलं. जमिनीवर जखमी माणसांची रांग, आणि एक डॉक्टर लहान मुलाच्या अंगाजवळ किरणोत्सर्ग मोजायचं यंत्र धरतो. यंत्र कडकडतं. डॉक्टर मान हलवतो. मूल ठणठणीत दिसतंय, हे त्यातलं सगळ्यात भयंकर.

या तिन्ही दृश्यांत राक्षस नाही. तो येऊन गेलाय किंवा येणार आहे. होंडांची रीत हीच. राक्षस त्सुबुरायांचा, माणसं होंडांची. त्यांनी नटांना आणि सगळ्या मंडळींना बजावलं होतं की हे खरं घडतंय असं समजून काम करायचं. अमेरिकेत १९५६ साली याच सिनेमात रेमंड बर हा नट नव्यानं घालून दुसरी आवृत्ती काढली, तेव्हा अणुबॉम्बचे बहुतेक उल्लेख गळाले. उरला राक्षस. जगानं कितीतरी वर्षं तीच आवृत्ती बघितली आणि होंडांना मुलांच्या सिनेमावाला ठरवलं.

आता आमच्यातलं भांडण. आमच्या एका मित्राचं म्हणणं असं की हा सिनेमा अर्धंच सत्य सांगतो. जपान जळाला याचं दुःख आहे, पण जपाननं चीनमध्ये काय केलं त्याचा शब्द नाही. आणि दिग्दर्शक तर तिथंच सैनिक होता. हे म्हणणं आम्हाला खोडता आलं नाही. सेरिझावा हा शास्त्रज्ञ बॉम्बहूनही भयंकर शस्त्र शोधतो, ते वापरतो, पण आपली टिपणं जाळतो आणि स्वतः समुद्राच्या तळाशी त्या शस्त्रासह मरतो. ज्ञान चुकीच्या हाती जाऊ नये म्हणून. या माणसात अपराधाची भावना आहे. ती कुणाच्या अपराधाची, हे सिनेमा सांगत नाही. कदाचित दिग्दर्शकाला एवढंच सांगता येत होतं. आम्ही माफीही देत नाही, निकालही देत नाही. पण हे न सांगता सिनेमाची स्तुती करणं खोटं झालं असतं.

सिनेमा चालला. सुमारे शहाण्णव लाख तिकिटं खपली. आणि इथं नोकरदाराची गोष्ट सुरू होते. एकदा का तुम्ही एक काम चांगलं करून दाखवलं, की आयुष्यभर तेच टेबल तुमच्याकडं. होंडांना घरगुती सिनेमे आवडायचे. तरुण जोडपी, लग्नं, नोकऱ्या, आईवडिलांशी मतभेद. असे काही त्यांनी पन्नाशीच्या दशकात केलेही. पण कंपनीला हवे होते राक्षस. १९५६ साली ‘रोदान’, उडणारा राक्षस, आणि रंगीत. १९५७ साली ‘द मिस्टेरियन्स’, परग्रहावरचे लोक. गॉडझिलाचे म्हणाल तर १९५४ ते १९७५ या काळात तोहोनं पंधरा काढले, त्यांतले आठ होंडांचे.

यातला सगळ्यात गोड सिनेमा १९६१चा ‘मोथ्रा’. बॉम्बच्या चाचण्या झालेल्या एका बेटावर वीतभर उंचीच्या दोन मुली सापडतात. नेल्सन नावाचा धंदेवाला त्यांना पळवून आणतो आणि तोक्योत तिकीट लावून गायला लावतो. त्यांना सोडवायला बेटाची देवता निघते. ती एक भलीमोठी अळी. समुद्र पोहत येते, धरण फोडते, तोक्यो टॉवरला कोष विणते आणि पतंग होऊन बाहेर पडते. तोक्यो टॉवर तेव्हा नवाकोरा, १९५८चा. शेवटी राक्षसाला मारत नाहीत. मुली परत देतात आणि तो निघून जातो. चूक माणसाची होती, ती सुधारली, संकट टळलं.

हे बघताना आम्हाला आपल्या मागचं जंगल आठवलं. संजय गांधी राष्ट्रीय उद्यानातल्या आणि आरेतल्या पाड्यांवर वारली लोक वाघोबाला पुजतात. वाघोबा म्हणजे वाघही आणि बिबट्याही. त्याची भीती आहे, पण तो शत्रू नाही. त्याचा मान ठेवायचा, त्याच्या वाटेत यायचं नाही, असा तो जुना करार. आपण इमारतीतले लोक तो करार वाचलेला नसताना जंगलाच्या कुंपणापर्यंत राहायला गेलो, आणि बिबट्या आवारात दिसला की आरडाओरडा केला. ‘गोजिरा’तही एक बेट आहे, ओदो. तिथला म्हातारा कोळी सांगतो की हा समुद्रातला जुना देव आहे, मासळी मिळेनाशी झाली की पूर्वी त्याला बळी द्यायचे. आता फक्त मुखवटे घालून नाच उरलाय. शहरातले लोक म्हाताऱ्याला हसतात. पुजाऱ्याच्या घरात वाढलेल्या माणसालाच असं दृश्य सुचावं.

होंडा मुलाखतींत सांगत की हे प्राणी स्वभावानं दुष्ट नसतात. फार उंच, फार जड, फार ताकदवान जन्माला आले, हीच त्यांची शोकांतिका. पाऊल टाकलं की काहीतरी मोडतंच. सासूबाईंच्या प्रश्नाचं उत्तर हे असं आहे.

१९६२ साली ‘किंग काँग विरुद्ध गॉडझिला’. तो विनोदी आहे आणि विनोद टीव्हीच्या जाहिरातदारांवर आहे. एका औषध कंपनीचा अधिकारी टीव्ही कार्यक्रमाचे प्रेक्षक वाढावेत म्हणून राक्षस आणवतो. आज रात्री नऊच्या बातम्या बघणाऱ्याला हे समजावून सांगायची गरज नाही. १९६३ साली ‘मातांगो’. होडी फुटून बेटावर अडकलेली श्रीमंत माणसं भुकेनं अळंब्या खातात आणि स्वतः अळंब्या होतात. वाचलेला एक जण इस्पितळाच्या खिडकीतून तोक्योच्या झगमगत्या दिव्यांकडं बघतो आणि म्हणतो की इथं तरी काय वेगळं आहे. तो सिनेमा चालला नाही. आमच्या मते ‘गोजिरा’नंतरचा त्यांचा सर्वांत चांगला सिनेमा तोच.

यानंतर उतरण. राक्षस मुलांचे लाडके झाले. कुस्त्या वाढल्या, माणसं कमी झाली. १९६८च्या ‘डिस्ट्रॉय ऑल मॉन्स्टर्स’मध्ये सगळे राक्षस एकदम आहेत आणि लक्षात राहील असा एकही माणूस नाही. होंडांची खरी ताकद जिथं होती, तीच जागा रिकामी. टीव्ही घरोघरी आला होता, थिएटरं ओस पडत होती, पैसा आटत होता. हे सगळं खरं, पण सिनेमा कमजोर तो कमजोरच.

आणि आता, जो सगळ्यात वाईट समजला जातो त्याबद्दल. १९६९चा ‘ऑल मॉन्स्टर्स अटॅक’. त्यात राक्षसांची बरीच दृश्यं आधीच्या सिनेमांतून कापून चिकटवलेली आहेत. जाणकार नाक मुरडतात. आम्हीही मुरडायच्या तयारीनं बसलो होतो.

गोष्ट इचिरो नावाच्या शाळकरी मुलाची. कारखान्यांच्या धुरकट वस्तीत राहतो. वडील रेल्वेत गाडी चालवतात, आईलाही कामावरून यायला उशीर होतो. मुलगा शाळेतून येतो, किल्लीनं कुलूप उघडतो, एकटाच बसतो. बाहेर दांडगी पोरं त्रास देतात. शेजारचे खेळणी बनवणारे गृहस्थ तेवढे लक्ष ठेवतात. मग हा स्वप्नात राक्षसांच्या बेटावर जातो. तिथं गॉडझिलाचं पिल्लू त्याचा मित्र आहे, आणि त्या पिल्लालाही एक दांडगा राक्षस छळतो. राक्षस खरे नाहीतच. ते एकट्या मुलाच्या डोक्यात आहेत.

ज्यांच्या गळ्यात शाळेच्या ओळखपत्राबरोबर घराची किल्ली होती अशी मुलं आपल्या प्रत्येक सोसायटीत वाढली. आई सकाळची फास्ट पकडणार, वडील रात्री साडेआठला येणार, शेजारच्या काकू दोन वेळा डोकावणार. आमच्यापैकी तिघांची मुलं अशी वाढली आणि एक जण स्वतः असा वाढला. दिवे लावल्यावर बराच वेळ कुणी बोललं नाही. मग तो म्हणाला, माझ्याकडं राक्षस नव्हता, माझ्याकडं शब्दकोडं होतं.

पंधरा वर्षांपूर्वी रस्त्याच्या कडेला मुलांना कुशीत घेऊन बसलेली आई दाखवणारा दिग्दर्शक तुटपुंज्या पैशात, उसन्या दृश्यांत, मुलांच्या सुट्टीसाठी काढलेल्या सिनेमात पुन्हा मूल दाखवतो. या वेळी युद्ध नाही, सुबत्ता आहे, आणि कूस रिकामी आहे. हा सिनेमा चांगला आहे असं आम्ही म्हणत नाही. आमच्यातल्या दोघींना तो आजही कंटाळवाणा वाटतो. पण त्यात डोळा त्याच माणसाचा आहे, हे मात्र सगळ्यांनी मान्य केलं.

१९७० साली त्सुबुराया गेले. होंडा टीव्हीकडं वळले. १९७५ साली ‘मेकागॉडझिला’चा एक सिनेमा करून त्यांनी दिग्दर्शन थांबवलं. इथं गोष्ट संपली असती. पण जुन्या मित्राला मदत हवी होती. वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी होंडा पुन्हा कुरोसावांचे सहायक झाले. ‘कागेमुशा’, ‘रान’, ‘ड्रीम्स’, ‘ऱ्हॅप्सडी इन ऑगस्ट’ आणि ‘मादादायो’, पाच सिनेमे. ‘ड्रीम्स’मध्ये एक भाग आहे. युद्धावरून परतलेला अधिकारी बोगद्यातून बाहेर येतो आणि त्याच्या मागोमाग त्याच्या तुकडीतले मेलेले सैनिक शिस्तीत चालत येतात. आपण मेलोय हे त्यांना पटत नाही. तो त्यांची माफी मागतो आणि त्यांना परत पाठवतो. कुरोसावा युद्धावर गेले नव्हते, त्यांच्या शेजारी बसलेला माणूस गेला होता. १९५४ साली जे सांगायचं राहिलं, त्यातलं थोडंसं इथं आलं असं आम्हाला वाटतं. श्रेयनामावलीत नाव मात्र सल्लागाराचं. २८ फेब्रुवारी १९९३ रोजी होंडा गेले. ‘मादादायो’ त्यानंतर पडद्यावर आला.

एक चिठ्ठी आलीय. विचारलंय, आपल्याकडं असं कुणी केलं नाही का? केलं. दादासाहेब फाळक्यांनी १९१९ साली ‘कालिया मर्दन’मध्ये नाग उभा केला, कृष्ण झाली त्यांची मुलगी मंदाकिनी. आणि १९६६ साली मुंबईत ‘गोगोला’ नावाचा हिंदी सिनेमा निघाला, सरळसरळ गॉडझिलाच्या वळणाचा. पण परंपरा झाली नाही. आपल्याकडं राक्षसाला मारणारा देव आधीच ठरलेला असतो. होंडांच्या राक्षसाला मारायला देव नाही. माणसांनीच काय ते करायचं, आणि केल्यावर झोप लागायची नाही.

तर, नोकरदार कलावंत असतो का? वर्षभर बघून आमचं उत्तर असं. विषय कंपनीचा होता, तारीख कंपनीची होती, राक्षसही कंपनीच्याच मालकीचा. लोकलमधली ती बाई मात्र होंडांची होती. दिलेल्या कामात अशी एक जागा सापडणं आणि ती सोडून न देणं, एवढं त्यांना जमलं. कधीकधी तेही जमलं नाही, आणि ते सिनेमे पडलेले दिसतात.

मूळ जपानी ‘गोजिरा’ मिळवून बघा, काळापांढरा आहे म्हणून मुलांनी तोंड वाकडं करू नये. आणि उद्या सकाळच्या गाडीत उभं राहिल्यावर आजूबाजूला लोक काय कटकट करतायत ते जरा ऐका.